पाठीमागून वाचलेले शब्द

लग्नपत्रिकेचा कागद चिठ्ठ्यांसाठी फार चांगला, हे मला सरांकडून कळलं. जाड असतो, शाई फुटत नाही आणि मागची बाजू कोरी असते. नाशिकला इंदिरानगरमधल्या त्यांच्या घरी, बैठकीच्या खोलीत, बुटांच्या खोक्यांमधून अशा हजारो चिठ्ठ्या भरून ठेवलेल्या होत्या. एका बाजूला अवघड इंग्रजी शब्द, त्याचा देवनागरीत उच्चार आणि मराठीत अर्थ. उलटून पाहिलं तर कुणाच्या तरी लग्नाचा तुकडा. नुसतंच ‘आमचे येथे श्रीकृपेकरून’, किंवा ‘कृपया आहेर आणू नये’, किंवा सोंडेशिवायचा गणपती.

ही गोष्ट शहाण्णव सालची. मी पंचवीस वर्षांची होते आणि एकलहऱ्याच्या कॉलनीत आईवडिलांकडे परत आले होते. बाबा तिथल्या वीज केंद्रात नोकरीला होते. माझं लग्न चौदा महिने टिकलं, म्हणजे चौदाव्या महिन्यात नवरा अपघातात गेला. त्याबद्दल माझ्याकडे सांगण्यासारखं फार नाही. लोक भेटायला यायचे, माझ्या चेहऱ्याकडे बघत बसायचे, आणि मी त्यांना चहात साखर किती ते विचारायचे. मला काही वाटत नव्हतं. मी दुःख आत दाबून ठेवलंय, असं आईचं मत होतं. मी आत बघून आले होते, तिथे काही नव्हतं. पण आईशी वाद कोण घालणार?

घरात बसून पोरगी वेडी होईल या भीतीने बाबांनी ओळखीतून हे काम शोधलं. सर शाळेत इंग्रजी शिकवून निवृत्त झालेले. अनोळखी इंग्रजी शब्दांचं एक पुस्तक ते करत होते, अर्थ आणि उच्चार देणारं. अर्थ कुठल्याही कोशात मिळतात, म्हणायचे, पण खेड्यातल्या मुलाला तो शब्द तोंडाने म्हणता आला पाहिजे. त्यांना लिहून काढायला माणूस हवं होतं. माझ्याकडे इंग्रजीची पदवी होती आणि अक्षर बरं होतं.

‘‘ॲ आणि ऑ यांतला फरक ऐकू येतो का?’’ त्यांनी पहिल्या दिवशी विचारलं.

‘‘येतो.’’

‘‘मग उद्यापासून ये.’’

नवऱ्याबद्दल एक अक्षर विचारलं नाही. त्या काळात मला आवडलेली ही एकमेव गोष्ट म्हणता येईल, जर आवडणं म्हणजे त्रास न होणं असेल.

मी रोज शहर बसने नाशिकरोडला यायचे, तिथून दुसरी बस. दहाच्या सुमाराला पोचायचे. दुसऱ्याच आठवड्यात सर म्हणाले, कागद संपत आलाय. आमच्या माळ्यावर माझ्याच लग्नाच्या दीडेकशे पत्रिका रबरबँड लावून पडलेल्या होत्या. आई नको नको म्हणत असताना मी त्या खाली काढल्या आणि पिशवीत घालून नेल्या. सरांनी एक पत्रिका बोटात धरून वाकवून पाहिली. ‘‘छान कागद आहे,’’ म्हणाले आणि आपल्या कामाला लागले. त्यांच्या बायकोने, म्हणजे काकूंनी, मात्र पत्रिका उघडून वाचली. माझ्याकडे बघितलं. मी कात्री शोधत होते, ती त्यांनी मला दिली नाही. दुसऱ्या दिवशी गेले तर सगळ्या पत्रिका कापून, कडा जुळवून, खोक्यात बसवलेल्या होत्या.

काकू सिन्नरकडच्या एका खेड्यातल्या, चौथी शिकलेल्या. इंग्रजीचा गंध नाही. आणि त्या पुस्तकाचं सगळं गाडं त्यांच्यावर चालायचं, ते असं.

सरांचा एक नियम होता. उच्चार देवनागरीत लिहिला की तो इंग्रजी न येणाऱ्या माणसाने मोठ्याने वाचायचा, आणि इंग्रजी येणाऱ्याने नुसता ऐकून शब्द ओळखायचा. ओळखला तर चिठ्ठी पास. नाहीतर मी उच्चार पुन्हा लिहायचा. शिकलेला माणूस वाचत नाही, सर म्हणायचे, तो शब्द ओळखतो आणि मग मनातलंच बोलतो. काकू जे लिहिलंय तेच वाचायच्या. ज्या अक्षरावर जोर द्यायचा त्याखाली रेघ असायची, तिथे त्या इमानाने जोर द्यायच्या.

बसण्याची पद्धतही ठरलेली. खोलीत एक लाकडी दिवाण होता. सर भिंतीकडे तोंड करून त्यावर बसायचे, काकू दाराकडे तोंड करून. पाठीला पाठ. वाचणाऱ्याचे ओठ दिसले की कान आळशी होतो, असं सरांचं म्हणणं. काकू चिठ्ठी वाचायच्या, सर तो शब्द आपल्या उच्चारात परत म्हणायचे आणि मग ‘‘पुढे’’ म्हणायचे. काकू ती चिठ्ठी दिवाणावरच्या ताटात टाकून दुसरी उचलायच्या. मी टेबलाशी बसून हे सगळं टिपत असायचे. रोज दोन तास. अर्थ मात्र काकूंना सांगायचा नाही. अर्थ कळला की वाचणारा त्यात रंग भरतो, म्हणे.

या दोन तासांखेरीज त्या नवराबायकोमध्ये बोलणं असं नव्हतंच. भांडण नव्हतं. ‘‘वाढलंय.’’ ‘‘गॅस संपत आलाय.’’ ‘‘पुण्याहून पोरीचं पत्र आलंय.’’ एवढंच. सर तापट नव्हते, पण घरात शाळेतल्यासारखे वावरायचे, आणि काकू समोरून कुणी मास्तर येत असल्यासारख्या कडेने जायच्या. मी हे बघायचे आणि मनात म्हणायचे, माझे चौदा महिने यापेक्षा फार वेगळे कुठे होते? माझा नवरा चांगला होता. चांगला होता, एवढंच मला त्याच्याबद्दल खात्रीने सांगता येतं, आणि हे तर आमच्या वाण्याबद्दलही सांगता येईल.

एकदा चिठ्ठीवर शब्द आला, ॲन्हिडोनिया. सरांनी दिलेला अर्थ, ‘कशातही आनंद न वाटण्याची अवस्था’. मी ‘डो’खाली रेघ मारली, शाई वाळू दिली आणि चिठ्ठी खोक्यात लावली. आपल्या अवस्थेला नाव मिळालं की माणसाला बरं वाटतं, असं ऐकलं होतं. मला बरं वाटलं नाही. तसं न वाटणं हेच त्या शब्दाचं म्हणणं होतं, त्यामुळे तक्रारीलाही जागा नव्हती. त्याच दिवशी डीफेनिस्ट्रेशनही झाला, म्हणजे माणसाला खिडकीतून बाहेर फेकणं. त्याचा उच्चार तीनदा नापास झाला.

असं दीड वर्ष गेलं.

अठ्ठ्याण्णवच्या जानेवारीत, मटार स्वस्त झाला होता तेव्हा, काकू वाचता वाचता मटार सोलायच्या. मधल्या काळात एक गोष्ट बदलली होती. सर शब्द परत म्हणेनासे झाले होते. काकूंनी चिठ्ठी ताटात टाकली की नुसतं ‘‘पुढे’’. मला वाटलं, कंटाळले असतील, वय झालं. नापास होणाऱ्या चिठ्ठ्याही जवळजवळ बंद झाल्या होत्या. मी मनात म्हटलं, माझा हात बसला.

त्या दिवशी काकूंनी एक चिठ्ठी वाचली, ताटात टाकली, सर ‘‘पुढे’’ म्हणाले आणि काकूंनी दुसरी हातात घेतली. ती वाचण्याआधी शेंगांची टोपली सरकली, म्हणून ती धरायला त्या दिवाणावरून जराशा वाकल्या. तोंडातून अक्षर निघालं नव्हतं.

‘‘पुढे,’’ सर म्हणाले.

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. घाबरून नाही, दचकूनही नाही. हळूच ओठांवर बोट ठेवलं. न वाचलेली ती चिठ्ठी त्यांनी ताटात टाकली नाही, पदराखाली सरकवली, आणि पुढची वाचायला घेतली.

दुपारी सर दोन ते साडेतीन झोपायचे. काकूंनी मला स्वयंपाकघरात बोलावलं आणि फडताळातून पोह्यांचा डबा काढला. त्यात पोहे नव्हते, चिठ्ठ्या होत्या. तीनशे तरी असतील.

‘‘दिवाळीपास्नं असंच चाललंय,’’ काकू म्हणाल्या. ‘‘ऐकू नाय येत त्यांना. मी हळू वाचलं तरी पुढे, मोठ्यानं वाचलं तरी पुढे. मग ताटातल्या चिठ्ठ्या मी इथं आणून ठेवते.’’

‘‘डॉक्टरला दाखवलं का?’’

‘‘डॉक्टरचं नाव काढलं तर भरल्या ताटावरून उठतात.’’

‘‘मग आपण सांगून टाकू ना काकू. हे किती दिवस चालणार?’’

‘‘सांग आणि पुस्तक चुलीत घाल. ज्याला ऐकू नाय येत त्यानं उच्चाराचं पुस्तक कसं काढायचं? ते आपण होऊन बंद करतील. आणि बंद केलं तर त्या माणसाकडं दुसरं काय हाय?’’ त्यांनी डब्याचं झाकण पुसलं. ‘‘मला माहीत हाय हे त्यांना कळता कामा नये. तुलाबी माहीत हाय हे तर मुळीच नाय. मला शब्द दे.’’

मी शब्द दिला, पण मला राग आला होता. बऱ्याच दिवसांनी मनात काहीतरी आलं, तो राग. एवढा कसला तोरा? कान गेले तर गेले म्हणावं, साऱ्या जगाचे जातात. तसं न करता हा माणूस भिंतीकडे तोंड करून परीक्षकासारखा बसणार, आणि दोन बायकांनी त्याची झाकपाक स्वयंपाकघरात करायची. राग चार दिवस टिकला आणि मग तोही विझला. राहिलं ते काम.

आम्ही रोज दुपारी परीक्षा पुन्हा घ्यायला लागलो. मी ओट्याकडे तोंड करून उभी राहायचे, काकू मागून वाचायच्या, मी शब्द ओळखायचे. नाही ओळखता आला तर मी उच्चार बदलायचे. आणि इथे एक अडचण होती. माझे उच्चार कॉलेजात शिकलेले, तिथल्या मास्तरांनी कुठून शिकलेले कुणास ठाऊक. कोशातल्या खुणा मला वाचता यायच्या, पण त्या खुणा तोंडातून कशा बाहेर पडतात हे सरांच्या कानालाच माहीत. मी एकदा क्रिपस्क्युलर म्हणून दाखवलं, म्हणजे तिन्हीसांजेच्या उजेडातलं. काकूंनी मान हलवली.

‘‘असं नाय. ते ‘पस’वर दाबतात. आणि शेवटाला आवाज खाली सोडून देतात, ताट ठेवल्यासारखा.’’

‘‘तुम्हाला कसं ठाऊक?’’

‘‘छत्तीस वर्षं झाली. शाळेत जायच्या आधी न्हाणीघरात म्हणायचे, पूजा करताना म्हणायचे. मी भाकरी करत ऐकायची. मला त्यातलं काय कळतं? पण आवाज तर ऐकू येतोच की.’’

त्यानंतर निर्णय काकू द्यायला लागल्या. इंग्रजीतला एक शब्द न येणारी बाई मला, इंग्रजीच्या पदवीधराला, उच्चारासाठी नापास करायची. आणि कोशात ताडून पाहिलं की त्या बरोबर निघायच्या. प्रत्येक वेळी नाही, पण माझ्यापेक्षा जास्त वेळा.

सरांचा दुसरा नियमही आम्ही मोडला. मी अर्थ सांगायला लागले. आधी मी आपणहून सांगितला नाही, काकूंनीच विचारलं. बॉर्बरिग्मस म्हणजे पोटातली गुडगुड, हे ऐकून त्या हसत सुटल्या. ‘‘एवढं नाव घ्यायला गुडगुड थांबते का तोवर?’’ बुटाच्या नाडीच्या टोकाला असते ती नळी ॲग्लिट, नाक आणि ओठ यांमधली खाच फिल्ट्रम. काकूंनी त्या खाचेला बोट लावून पाहिलं. इतकी वर्षं तोंडावर असून कुणी ओळख करून दिली नव्हती, म्हणाल्या.

मग एके दिवशी अक्सॉरिअस आला. काकूंनी तो फार सुरेख वाचला, शेवट खाली सोडून.

‘‘ह्याचा काय अर्थ?’’

‘‘पत्नीवर अवाजवी प्रेम करणारा,’’ मी सरांचं अक्षर वाचलं.

‘‘आणि बेतानं करणाऱ्याला काय म्हणतात?’’

‘‘त्याला वेगळा शब्द नाही.’’

‘‘आणि अजिबात न करणाऱ्याला?’’

‘‘त्याला नवरा म्हणतात.’’

काकू इतक्या हसल्या की त्यांना खोकला लागला, आणि सर उठतील म्हणून त्यांनी पदर तोंडात धरला. मी त्यांना पाणी दिलं. दोन वर्षांत मी केलेला तो पहिला विनोद. नवऱ्यावरच सुचावा याची मला थोडी लाज वाटली. थोडीच.

नव्व्याण्णवमध्ये पुस्तक निघालं. प्रस्तावनेत शेवटून दुसऱ्या ओळीत ‘उच्चारांच्या तपासणीत पत्नीचे साह्य झाले’ असं होतं, आणि शेवटच्या ओळीत मी. काकूंनी ती ओळ माझ्याकडून दोनदा वाचून घेतली. तपासणी हा शब्द त्यांना पटला. सरांनी पुस्तक हातात घेऊन वास घेतला आणि कपाटात ठेवलं. आम्ही जिंकलो होतो, त्यांना काही कळलं नव्हतं. मला समाधान वाटायला हवं होतं. तोपर्यंत मला सिन्नरच्या औद्योगिक वसाहतीत, परदेशी माल पाठवणाऱ्या एका कारखान्याच्या कचेरीत नोकरी लागली होती. मी पत्रं टाइप करायचे, एसटीने जायचे यायचे. आईने दुसऱ्या लग्नाचा विषय काढला की मी वेळापत्रक बघायचे. इंदिरानगरला जाणं आधी महिन्याला एकदा, मग सणासुदीला, असं होत गेलं.

दोन हजार चारच्या पावसाळ्यात काकू गेल्या. चार दिवसांचा ताप, मग छातीत दुखलं, संपलं. मी तेरा दिवसांच्या गर्दीत गेले नाही, नंतरच्या रविवारी गेले. पुण्याची मुलगी अजून तिथेच होती. तिने माझ्या हातात एक वही आणि पेन दिलं. ‘‘आता काहीच ऐकू येत नाही त्यांना. कानाचं मशीन लावत नाहीत. लिहून बोला,’’ म्हणाली आणि भाजी आणायला गेली.

सर दिवाणावर बसले होते. मी समोर खुर्ची ओढली. बहिरी माणसं बोलतात तसं ते मोठ्याने आणि एका सुरात बोलायला लागले.

‘‘तुला एक सांगायचंय. पुस्तकाच्या वेळी मला ऐकू येत नव्हतं.’’

मी पेनचं टोपण काढलं.

‘‘सत्त्याण्णवच्या दिवाळीपासून. आधी शब्दांची टोकं गेली, मग शब्द गेले. ती चिठ्ठी टाकायला हलली की दिवाण हलायचा. तो हलला की मी पुढे म्हणायचो.’’

माझा सहा वर्षांपूर्वीचा राग उठून बसला. मी पेन दाबून लिहिलं, ‘मग थांबला का नाहीत?’

त्यांनी ते वाचलं आणि माझ्याकडे असं पाहिलं, जणू सोप्या प्रश्नाला मी अडले आहे.

‘‘थांबलो असतो तर ती उठून आत गेली असती. परत माझ्यापाशी कशाला येऊन बसली असती? आमच्यात दुसरं काही बोलायला नव्हतं. मला ते कधी जमलं नाही.’’ मग म्हणाले, ‘‘तिची पाठ लागायची पाठीला. वाचताना ती हलते, तेवढं कळायचं. पुस्तकाचं काय, कोश बघून पुस्तक कुणीही करतं.’’

मला हेवा वाटला. स्पष्टच सांगते, गेलेल्या बाईचा आणि समोरच्या बहिऱ्या म्हाताऱ्याचा मला हेवा वाटला.

‘‘आता खरं लिही,’’ सर म्हणाले. ‘‘तिला हे कळलं नव्हतं ना? कळलं असतं तर तिला वाटलं असतं, आपण इतके महिने उगाचच वाचत बसलो.’’

मी लिहिलं, ‘नाही. त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही.’

त्यांनी ती ओळ बोट फिरवत वाचली. मान हलवली. खांदे खाली आले. मी काकूंना दिलेला शब्द पाळला होता, आणि त्याच घरात, त्याच वाक्यात, खोटं बोलले होते.

‘‘मग तूच सांगू शकशील,’’ ते म्हणाले. ‘‘तू ऐकलंस, मी नाही. शेवटच्या त्या चिठ्ठ्या वाचताना तिचा आवाज कसा झाला होता?’’

मी ‘बसका’ लिहिलं आणि खोडलं. ‘स्वच्छ’ लिहिलं, तेही खोडलं. चार हजार शब्दांचे अर्थ मी माझ्या हाताने लिहिले होते. शेवटी जे खरं होतं तेच लिहिलं.

‘तुमच्यासारखा.’

सरांनी ते वाचलं. मग डोळे मिटले आणि एक इंग्रजी शब्द म्हणाले, जिथे दाबायचा तिथे दाबून, शेवटाला आवाज खाली सोडत. थोडं थांबले. दुसरा शब्द म्हणाले, पुन्हा थांबले. कान देऊन थांबावं तसे थांबत होते, आणि मग तिसरा. त्यांना काही ऐकू येत नव्हतं, तिचा आवाजही नाही, स्वतःचाही नाही. मला दोन्ही ऐकू येत होते. मी खुर्चीवर बसून मोठमोठ्याने रडले, आणि ते पुढचा शब्द म्हणत राहिले.